जाळ्याचा कायदा

कोळ्याच्या जाळ्यावरून माणूस ओळखता येतो, असा शोध लागला आणि त्याचा सगळ्यात आधी फायदा घेतला तो संशयी नवऱ्यांनी, त्याहून संशयी बायकांनी आणि हाउसिंग सोसायट्यांच्या सेक्रेटऱ्यांनी. शास्त्रज्ञ बिचारे जंगलातले दुर्मीळ प्राणी मोजायला निघाले होते.

गोष्ट तशी साधी आहे. माणूस जिथं जातो तिथं स्वतःला थोडं थोडं सांडत असतो. कातडीची न दिसणारी टरफलं, बोलताना उडणारे थुंकीचे कण, खोकल्याची वाफ. हे सगळं हवेत तरंगत राहतं आणि वाटेत जाळं असेल तर त्याला चिकटतं. कोळ्यानं ते माशीसाठी विणलेलं असतं, पण जाळ्याला माशी आणि माणूस यातला फरक कळत नाही. त्या कणांमध्ये त्या माणसाचा डीएनए असतो. उन्हात तो लवकर मोडतो, ओलीत कुजतो. बंद, कोरड्या, अंधाऱ्या जागेत मात्र महिनोन् महिने शाबूत राहतो. पूर्वी इतक्याशा कणांतून काही हाती लागत नसे. आता शिवणयंत्राएवढं एक यंत्र निघालं होतं आणि ते एका दुपारीत सगळं वाचून दाखवायचं.

मग व्हायचं तेच झालं. लोक शेजाऱ्यांच्या जिन्यातली, मित्रांच्या फार्महाउसमधली जळमटं गुपचूप काढून खासगी लॅबला पाठवू लागले. कोण कुणाकडे जाऊन आला हे घरबसल्या कळू लागलं. लग्नं मोडली, भागीदाऱ्या फुटल्या, एका मंत्र्याची तर पार शोभा झाली. मंत्र्याची झाल्यावर कायदा यायला वेळ लागला नाही. दुसऱ्याच्या जागेतलं जाळं डीएनए वाचण्यासाठी काढणं हा दखलपात्र गुन्हा ठरला. लॅबनं असं जाळं तपासायचं ते फक्त पोलिसांच्या गुन्हा नंबरावर, नाहीतर कोर्टाच्या हुकमावर. कायद्याचं खरं नाव ओळभर लांब होतं. लोक त्याला जाळ्याचा कायदा म्हणायचे.

अंकलवाडीच्या प्रणाली माळीनं ही सगळी गंमत इतरांसारखीच मोबाइलवर पाहिली होती आणि विसरूनही गेली होती. तिला ती आठवायची वेळ आली, तेव्हा तिचा नवरा हरवून तीन महिने उलटले होते.

नवरा, सिद्धनाथ, हा कारंडे मालकांच्या हळद कारखान्यात हळकुंडं घासून पॉलिश करणाऱ्या फिरत्या ढोलावर कामाला होता. आषाढातल्या एका दुपारी त्यानं बायकोला फोन केला. "मागच्या शेडमधलं जुनं पेव उघडायचं म्हणत्यात मालक. यायला उशीर हुईल, आईला सांग," एवढंच बोलला. पेव म्हणजे हळद साठवायचा जमिनीतला खोल खड्डा. तोंड अरुंद, पोट मोठं. बरीच वर्षं बंद राहिलेल्या पेवात श्वास घ्यायला हवा नसते. म्हणून ते उघडं टाकून ठेवतात, आत दिवा सोडून बघतात, दिवा जळत राहिला तरच माणूस उतरतो. आणि मालकाला घाई असली तर काय होतं, हे त्या भागात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. सिद्धनाथ घरी आला नाही.

पोलीस ठाण्यात प्रणालीला आधी बसायला सांगितलं, मग घरात भांडण झालं होतं का, हे विचारलं. मग दारूचं विचारलं, मग बाहेर काही होतं का तेही. तिनं पेवाचं सांगितलं. साहेबांनी कारंड्यांना फोन लावला. कारंडे म्हणाले की माळी दुपारीच सुट्टी टाकून गेला, आणि मागची शेड तर पंधरा वर्षं बंद आहे, चावी माझ्याच कपाटात असते. सिद्धनाथचा मोबाइल शेवटचा बसस्टँडवर चालू होता. तिथून संध्याकाळी गोव्याची गाडी सुटते. साहेबांच्या लेखी तपास इथंच संपला. मोबाइल कुणीही नेऊन बसस्टँडवर टाकू शकतो, हे प्रणालीनं सांगून पाहिलं. चाळिशीचा गडी आपल्या पायानं गेला तर पोलिसांनी काय त्याला कडेवर घेऊन आणायचं, असं साहेब म्हणाले, आणि हवालदार हसला. तक्रार घातपाताची होती, नोंद झाली ती नुसती हरवल्याची. शेड उघडून बघायलासुद्धा कुणी गेलं नाही. कारंड्यांच्या गणपतीला ठाण्यातले सगळे जेवायला असायचे, हे तिला नंतर कळलं.

घरी तिची सासू होती, शालन. त्या भागातल्या रीतीप्रमाणे प्रणाली तिला आत्या म्हणायची. गोव्याच्या गाडीचं ऐकून आत्याचा चेहरा उजळला.

"मग गोव्यात असंल," आत्या म्हणाली. "हाटेलात लागला असंल. भांडी घासायची त्याला लाज न्हाई."

तिथून गोवा रोज वाढत गेला. आधी हॉटेल आलं, मग त्याचा मालक, मग समुद्राकडेची खोली. ठाण्यातल्या हवालदारानं कुजकटपणे एका बाईचा उल्लेख केला होता, आत्यानं तीही घरात घेतली. बाई असली तर असू दे, त्याला वेळेवर जेवायला तरी घालत असेल, असं ती शेजारणींना सांगायची. मुलगा वाईट निघालेला तिला चालत होता. फक्त तो असायला हवा होता. प्रणालीला हे समजत होतं, आणि समजत असल्यामुळेच तिला कुठं ओरडताही येत नव्हतं.

ती तस्लिमा मुजावर वकीलबाईंकडे गेली. वकीलबाई पन्नाशीच्या, तोंडानं फटकळ, तालुक्याच्या कोर्टासमोर स्टेशनरीच्या दुकानावर त्यांचं ऑफिस. त्यांनी पायऱ्या सांगितल्या. ठाण्यानं गुन्हा नोंदवला नाही तर जिल्ह्याच्या अधीक्षकांना पोस्टानं लेखी तक्रार पाठवायची. तिथूनही काही झालं नाही तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करायचा, की पोलिसांना तपासाचा हुकूम द्या. अधीक्षकांना पाठवलेल्या पत्राची नुसती पोच आली. मग अर्ज तयार झाला. त्याला प्रतिज्ञापत्र जोडावं लागतं, कारण वैर काढायला खोटे अर्ज करणारेही कमी नाहीत.

"शपथेवर लिहावं लागेल," वकीलबाई म्हणाल्या, "की तुमच्या पतीचा त्या शेडमध्ये मृत्यू झाला आणि तो लपवला गेला, असं तुमचं ठाम म्हणणं आहे. चालेल?"

प्रणालीच्या गळ्यात मंगळसूत्र होतं, कपाळावर कुंकू होतं. शपथ देणाऱ्या कारकुनानं एकदा कागद वाचला, एकदा तिच्या कपाळाकडे पाहिलं आणि तिची सही घेऊन शिक्का मारला.

गावात अशी बातमी माणसाच्या आधी घरी पोचते. ती दारात आली तेव्हा आत्या उंबऱ्यातच उभी होती.

"कोर्टात जाऊन माझ्या पोराला मारून आलीस?" तिनं विचारलं. "मिळालं का पोलिसांना मढं? न्हाई ना? मग तुला कुणी सांगितलं?"

त्या दिवसापासून आत्यानं त्याच स्वयंपाकघरात आपली वेगळी शेगडी मांडली. दोघी पाठीला पाठ लावून आपापली भाकरी थापायच्या. अठरा वर्षं त्या घरात प्रणालीनं सासुरवास म्हणून काही पाहिला नव्हता, तो आता आला. नवऱ्यासाठी लढावं तर सासूचा मुलगा मरत होता. गप्प बसावं तर नवरा त्या खड्ड्यात दुसऱ्यांदा गाडला जात होता. या दोहोंच्या मधे कुठं उभं राहायचं ते तिला कळेना.

मॅजिस्ट्रेट माणूस बरा होता. पण हुकमाआधी पोलिसांचं म्हणणं ऐकावं असं कायदाच सांगतो, आणि पोलिसांना म्हणणं मांडायला काही सवड होत नव्हती. आधी गणपतीचा बंदोबस्त होता, मग कुणा मोठ्या माणसाचा दौरा, मग नवरात्राचा बंदोबस्त. तारखा पडत गेल्या. दर तारखेला सरकारी वकील नम्रपणे मुदत मागायचे, आणि नम्रपणे मागितलेली मुदत मिळतेच.

घटस्थापनेनंतरची गोष्ट. प्रणाली कारखान्याच्या मागच्या बाजूनं जात होती. ती अलीकडे मुद्दाम तिकडून जायची. शेडच्या भिंतीला वर एक झरोका होता. बाहेर पडलेल्या पोत्यांच्या थप्पीवर चढून तिनं आत डोकावलं. मधोमध पेवाचं तोंड होतं, त्यावर अलीकडेच दाबलेली माती दिसत होती. आणि त्याच्या बरोबर वर, तुळईपासून भिंतीपर्यंत, जाळीच जाळी. हळदीची धूळ बसून ती पिवळी झाली होती आणि झोळीसारखी खाली लोंबत होती. सिद्धनाथ पेवाच्या तोंडाशी उभा राहिला असेल, कुणाशी बोलला असेल, श्वास टाकला असेल. तिला मोबाइलवरच्या त्या सगळ्या गमती एकदम आठवल्या. घरी येईपर्यंत ती जवळजवळ पळतच होती.

पण त्याच आठवड्यात कामावरच्या बायकांकडून दुसरी बातमी कळली. खंडेनवमीला कारखान्यात यंत्रांची पूजा असते, त्याआधी सगळी झाडलोट होते, एकही जळमट ठेवत नाहीत. यंदा नवा ढोल यायचा होता आणि तो मागच्या शेडमध्ये बसणार होता. अष्टमीला शेड झाडायची, चुना मारायचा, पेव बुजवून वर सिमेंटचा कोबा घालायचा, आणि नवमीला नव्या ढोलाला झेंडूची माळ.

ती तशीच वकीलबाईंकडे गेली. त्यांनी डायरी काढून तारखा पाहिल्या. मग एकेक दार बंद करत गेल्या. तपासाच्या अर्जाची पुढची तारीख दसऱ्यानंतरची. हायकोर्टात जायचं तर दसऱ्याची सुट्टी. तिसरा रस्ता खासगी फिर्यादीचा: पोलिसांना बाजूला ठेवायचं आणि मॅजिस्ट्रेटसमोर आपणच फिर्यादी व्हायचं, साक्षी-पुरावे आपणच द्यायचे. पण फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याप्रमाणे, फिर्यादीची दखल घेण्याआधी आरोपीला म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते.

"म्हणजे कारंड्यांना नोटीस जाणार," त्या म्हणाल्या. "नोटीस वाचली की पहिल्यांदा ते झाडू हातात घेतील. जाळ्यांचं माझ्याही मनात आलं होतं, पण म्हणूनच मी अर्जात तो शब्द घातला नव्हता."

"आन मीच जाऊन जाळं काढून आणलं तर?"

वकीलबाई भडकल्या. अक्कल गहाण टाकली आहेस का, असं त्यांनी विचारलं. ते जाळं तुझ्या केसमध्ये कवडीच्या कामाचं राहणार नाही, उलट गुन्हा तुझ्यावर होईल. "आणि तो तिथल्या तिथं नोंदवतात, समजलं? त्या कायद्याची तक्रार थेट मुंबईच्या यंत्रणेत जाते, ठाण्याला दाबून ठेवता येत नाही. लॅबची गाडी येते. जागा सील होते. तिथली सगळी जाळी चित्रीकरण करून जप्त होतात, त्यात कुणाकुणाचे अंश आहेत ते वाचतात, आणि ज्याचे सापडतील त्याला बाधित व्यक्ती म्हणून नोटीस जाते. तीन वर्षांपर्यंत शिक्षा..."

बोलता बोलता त्या थांबल्या. पंखा फिरत होता. खाली दुकानात कुणीतरी वह्यांचा गठ्ठा आपटला.

"हे मी सल्ला म्हणून सांगितलेलं नाही," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "करू नका, म्हणून सांगितलंय."

"व्हय," प्रणाली म्हणाली. "करू नका म्हणूनच ऐकलं मी."

अष्टमीच्या सकाळी झाडलोटीला बायकांची टोळी आली, तिच्यात डोक्यावरून पदर ओढून प्रणाली होती. बायकांनी तिला ओळखलं. मुकादमानं मागच्या शेडचं कुलूप काढलं, तेव्हा एकीनं आपला लांब दांड्याचा झाडू तिच्या हातात दिला आणि बाकीच्या पुढच्या खोलीकडे वळल्या. प्रणाली आत गेली. तिनं कमरेची काचेची नळी काढली, एकच जाळं, कडेचं, काडीला गुंडाळून तिच्यात घातलं. पेवावरच्या जाळ्यांना तिनं हात लावला नाही. मग झाडू उलटा धरून ती त्यांच्याखाली उभी राहिली आणि मुकादमाला हाक मारून म्हणाली, "मालकास्नी बोलवा. त्यांच्या शेडातलं जाळं मी डीएनए बघायला काढलंय."

आपण केलं ते बरोबर की वाईट हा विचार तिच्या मनात नव्हता. फक्त वर बघायची भीती वाटत होती, एखादं जाळं आपल्याच श्वासानं तुटेल म्हणून.

कारंडे आले ते पूजेच्या खरेदीतून, पाठोपाठ ठाण्याचे साहेब. ही बाई महिनोन् महिने पिच्छा पुरवतेय म्हणून कारंडे आधीच वैतागलेले. ते मुकादमावर खेकसले, "बघतोस काय, पाड ती सगळी जळमटं."

आणि इथं साहेबांनी, आपल्या यजमानाचं भलं करण्याच्या नादात, उभ्या नोकरीतलं एकच चोख काम केलं. त्यांनी मुकादमाचा हात धरला.

"आता हात लावू नका मालक," ते म्हणाले. "जाळी जशीच्या तशी पाहिजेत, नाहीतर केस उभी राहणार नाही. हिला आत टाकायचीय ना?"

कारंड्यांना ती टाकायचीच होती. तक्रार तिथंच टेबल मांडून घेतली गेली. त्यांनी ती जोशात, ठासून सांगितली: शेड पंधरा वर्षं बंद, चावी फक्त माझ्याकडे, या काळात माझ्याशिवाय एकाही माणसानं आत पाऊल टाकलेलं नाही. साहेबांनी वाचून दाखवलं, त्यांनी सही केली. तीन महिने ज्या ठाण्याला एक ओळ लिहायला सवड नव्हती, त्यानं दीड पान लिहिलं. महिला पोलीस आपल्याला धरून नेत असताना प्रणालीला एकाएकी हसू आलं आणि मग रडू, आणि दोन्ही थांबेनात. दुपारी लॅबची गाडी आली, शेडला सील लागलं. कोबा घालायला आलेले गवंडी माल तसाच टाकून परत गेले.

ती जामिनावर सुटून घरी आली तो दसऱ्याचा दिवस होता. गल्लीत पोरं सोनं वाटत फिरत होती. त्यांच्या दाराशी कुणी थांबलं नाही. आत आत्या नुसती बसून होती. लॅबची मुलगी सकाळी येऊन गेली होती. पेवावरच्या जाळ्यांत एका पुरुषाचे अंश भरपूर सापडले होते, काही महिन्यांचे. तो कारंडे नव्हता. कोण ते ठरवायला आईची लाळ लागणार होती. बायकोची चालत नाही, बायकोचं रक्त वेगळं. मूल त्यांना झालं नव्हतं. आत्यानं त्या मुलीला तशीच परत पाठवलं होतं.

प्रणाली भिंतीला टेकून बसली. मागायचा हक्क आपल्याला नाही, असं तिला वाटत होतं. आत्याच आधी बोलली.

"त्याचंच निघालं, तर?"

"तर तो शेडमधी गेला हुता."

"आन भाईर आला का, ते सांगतो का कोळी?"

खोटं बोलणं सोपं होतं. प्रणालीनं ते तोंडापर्यंत आणलं आणि गिळलं. "न्हाई आत्या. ते न्हाई सांगत."

आत्यानं मान हलवली. मग ती म्हणाली, "त्या गोव्याच्या बाईचं नाव मी शेवंता ठेवलं हुतं. चांगली हुती गं ती."

प्रणाली उठून तिच्याजवळ गेली. अनेक आठवड्यांत त्या दोघी पहिल्यांदा एकमेकींना बिलगल्या. आत्या रडली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या आपली आपण तयार झाली आणि प्रणालीच्या पुढं चालत ठाण्यात गेली. तपास आता जिल्ह्याहून आलेल्या एका तरुण अधिकाऱ्याकडे होता. लॅबच्या मुलीनं कापसाची काडी पुढं केली, तेव्हा आत्यानं डोळे मिटून तोंड उघडलं, लहान मूल औषधाला उघडतं तसं. दुपारपर्यंत त्या दोघी बाहेरच्या बाकावर बसून राहिल्या. कुणी चहा आणून ठेवला, तो तसाच गार झाला.

मग त्यांना आत बोलावलं. अंश जुळले होते. अधिकारी सभ्य होता, त्यानं दोघींना बसवलं आणि समोरच्या संगणकाच्या पडद्यावर टाइप करायला घेतलं. कायद्यानं एक काम उरलं होतं. प्रणाली माळी या आरोपीनं ज्याचा डीएनए बेकायदा मिळवला, त्या बाधित व्यक्तीला नोटीस पोचवायची होती. हरवल्याच्या नोंदीत तो माणूस अजून जिवंतच होता, त्यामुळे पडदा पुढं सरकायला पत्ता मागत होता. ठाण्याचे साहेब दाराशी उभे होते, त्यांनी गोव्याचं काहीतरी सुचवलं. अधिकाऱ्यानं त्यांच्याकडे लक्ष दिलं नाही. त्यानं आत्याकडे पाहिलं.

"आजी, तुमचा मुलगा सिद्धनाथ. त्याचा सध्याचा पत्ता सांगता?"

प्रणालीनं आत्याचा हात धरला. आत्यानं तो सोडवून घेतला आणि पदर नीट केला.

"लिहा," ती म्हणाली. "कारंड्यांची मागली शेड. तिथलं पेव. कुदळ घिऊन जावा, आन माझ्या पोराच्या हातातच द्या ती नोटीस."